आठ वाजून एक्केचाळीस मिनिटं

फोटोतली गाडी आमचीच होती. पाठमोरी. मागच्या काचेवर प्रीताच्या कॉलेजचं स्टिकर, आणि खाली बंपरवर तो ओरखडा, जो मी दोन वर्षांपूर्वी ऑफिसच्या पार्किंगमध्ये खांबाला घासून घेतला आणि आजवर कुणाला सांगितला नाही. शहराच्या कोर्टाने तो इतक्या स्वच्छ उजेडात, रंगीत छापून घरी पाठवावा याचाच मला आधी राग आला. मग मी खालचा मजकूर वाचला. शाळेचा परिसर, वेगमर्यादा ताशी वीस मैल, आपला वेग एकतीस मैल. मंगळवार, सकाळी आठ वाजून एक्केचाळीस मिनिटं आणि सोळा सेकंद. वाहनमालक म्हणून माझं नाव, वडिलांच्या नावासकट.

या देशात बावीस वर्षं गाडी चालवून मला एकही तिकीट मिळालेलं नाही. हे मी लोकांना न विचारता सांगतो. मंडळाच्या गणपतीत आरती झाली की सगळे प्रसादाचे द्रोण घेऊन घोळक्याने उभे राहतात आणि पोलिसांचे किस्से निघतात, कुणाला कुठे पकडलं, कोण कसा सुटला. मी तिथे गालातल्या गालात हसत उभा असतो, आणि 'सुमंतला विचारू नका, तो नाकासमोर चालणारा' असं कुणीतरी म्हणेपर्यंत हलत नाही. माझा पोटापाण्याचा धंदाच दुसऱ्याच्या चुका काढण्याचा. सॉफ्टवेअर लोकांच्या हातात जाण्याआधी ते तपासणारी जी माणसं असतात, ज्यांना बाकीचे जेवायला बोलावत नाहीत, त्यांचा मी प्रमुख. तेव्हा नोटीस हातात आल्याबरोबर मी तिच्यात चूक शोधायला लागलो आणि ती मला अर्ध्या मिनिटात सापडली. मंगळवारी मी गाडी नेतच नाही. मंगळवार, बुधवार, गुरुवार मी कोपऱ्यावरून कंपनीची बस पकडतो, सात चाळीसची. आठ एक्केचाळीसला मी ऑफिसात कॉफीचा दुसरा कप भरत होतो. प्रीता दोन हजार मैलांवर, कॉलेजात. गाडी गॅरेजमध्ये. म्हणजे गाडी कुणीतरी चोरून नेली होती आणि नंतर परत आणून लावली होती. खरं सांगतो, क्षणभर मी हेसुद्धा मान्य केलं. सुलेखाने ती चालवली असेल, यापेक्षा मला ते शक्यकोटीतलं वाटलं.

"काय आलंय रे?" सुलेखाने ओट्यापासून विचारलं. ती भेंडी पुसत होती, एकेक भेंडी फडक्यात धरून, घाई नसल्यासारखी.

"काही नाही. इन्शुरन्सवाल्यांचं," मी म्हणालो आणि पाकीट लॅपटॉपच्या बॅगेत सारलं. असं मी का केलं ते मला तेव्हा कळलं नाही. तिने मान डोलावली आणि पुढची भेंडी घेतली.

सुलेखा नऊ वर्षं गाडी चालवत नव्हती. तिने ती सोडली तेव्हा आम्ही नेपरव्हिलला होतो. जानेवारीतली दुपार, साडेचारलाच अंधारून येतं तिथे. नऊ वर्षांच्या प्रीताला नाचाच्या क्लासला सोडायला ती निघाली होती. रस्त्यावर बर्फाचा पातळ पापुद्रा, समोर लाल सिग्नल. गाडी त्या सिग्नलमधून सरळ आत गेली. डावीकडून येणारी एक पिकअप मागच्या दारावर आदळली, गाडी फिरली, खांबाला टेकून थांबली. प्रीताचं गळ्याजवळचं हाड मोडलं. बाकी काही नाही. सहा आठवडे हात झोळीत, आणि त्या झोळीवर वर्गातल्या सगळ्यांच्या सह्या घेऊन ती पोर मोठ्या दिमाखात हिंडली. हॉस्पिटलच्या बाकावर सुलेखा मला एकदाच म्हणाली होती, "लाल दिसत होता रे मला. ब्रेक कुठे आहे तेही माहीत होतं. पाय हललाच नाही." नंतर ती त्याबद्दल बोलली नाही, आणि स्टिअरिंगला तिने हात लावला नाही. ही कोण, तर नागपुरात कायनेटिकवर पायाशी गॅसचं सिलिंडर आणि मागे धाकटी बहीण घेऊन सीताबर्डीच्या गर्दीतून शिट्टी वाजवत जाणारी मुलगी. लग्नाआधी तिने मला त्याच गाडीवर मागे बसवलं होतं. मी डोळे मिटून घेतले होते.

तेव्हाही तिकीट मिळालं होतं, तिच्या नावावर. मी वकील केला. कोर्टाच्या व्हरांड्यात मी तिला बजावलं की तू अजिबात काही बोलायचं नाहीस, तोंडातून शब्द गेला तर अंगाशी येईल. वकील चार मिनिटं बोलला, न्यायाधीशांनी कागदावर काहीतरी लिहिलं, संपलं. परतताना गाडीत ती म्हणाली, "मला कुणी काही विचारलंच नाही." मी म्हणालो, "तेच तर बरं झालं." मला तेव्हा स्वतःचं फार कौतुक वाटलं होतं. आणि मग नऊ वर्षं मी तिचा ड्रायव्हर झालो. नेपरव्हिल सुटलं, बेलव्ह्यू आलं, बर्फ जाऊन पाऊस आला, मी तिचा ड्रायव्हरच राहिलो. वाणसामान, दाताचा डॉक्टर, मंडळाच्या नाटकाच्या तालमी, रेखामावशींकडचं भजन. मी कुरकुर करायचो, घड्याळ बघायचो, 'आता माझी मीटिंग' म्हणायचो. ती दहा मिनिटं आधी तयार होऊन दाराशी पर्स घेऊन उभी असायची. कुरकुर वरवरची होती, हे आज लिहायला हरकत नाही. बायकोचं आपल्यावाचून अडतं याची एक ऊब असते. ती मी नऊ वर्षं घेतली.

जेवण झाल्यावर, ती फोनवर बहिणीशी बोलत असताना, मी खोलीचं दार लोटून नोटीस पुन्हा उघडली. फोटो दोन होते. पहिल्याकडेच बघून मी भडकलो होतो, म्हणून दुसरा नीट पाहिलाच नव्हता. कोर्टाच्या साइटवर नोटिशीचा क्रमांक टाकला की फोटो मोठे करून बघता येतात. मी ते शेजारीशेजारी लावले. मध्ये एका सेकंदाचं अंतर. पहिल्यात गाडी पादचाऱ्यांच्या पट्ट्यांच्या अलीकडे, मागचे दिवे विझलेले. दुसऱ्यात गाडी थोडी पुढे, आणि मागचे दिवे लाल. डावा, उजवा, आणि काचेच्या वरचा तिसरा. तिन्ही लाल. मी कितीतरी वेळ त्या तीन दिव्यांकडे बघत राहिलो. पाय हलला होता. सोळा आणि सतरा या दोन सेकंदांच्या मध्ये कुठेतरी, भर रस्त्यात, शेजारी कुणी नसताना, सुलेखाचा उजवा पाय उचलला गेला होता, आणि ते या जगात कुणालाही कळलं नसतं. मलाही नाही, मंडळाला नाही, तिच्या बहिणीला नाही. खांबावरच्या एका यंत्राने ते बघितलं आणि इमानेइतबारे कागदावर छापून नवऱ्याला कळवलं. कायद्याने त्या यंत्राला चालकाचा चेहरा टिपता येत नाही, नुसती गाडी आणि नंबर. काचेतून डोक्याचा एक काळपट डाग दिसत होता. तो डाग माझ्या बायकोचा होता. सव्वीस वर्षं मी तिला सगळ्या बाजूंनी बघतोय असं मला वाटत होतं.

मी गॅरेजमध्ये गेलो. ज्या गाडीत मी दर शुक्रवारी बसतो तिच्यात मला काहीच कसं कळलं नाही, हे मला बघायचं होतं. चुका काढणारा माणूस. सीट माझ्याच मापाची होती, आरसा माझ्याच डोळ्यांचा, रेडिओ बातम्यांवर. एक केसही नाही. मग माझं लक्ष दाराच्या आतल्या बाजूला असलेल्या बटणांकडे गेलं. या गाडीत दोन चालकांची बैठक साठवून ठेवता येते. एक नंबर दाबला की सीट माझ्याप्रमाणे लागते. दोन नंबर रिकामा होता. गाडी घेतली तेव्हा विकणाऱ्या मुलाने 'आणि हा मॅडमसाठी' म्हणत तो दाखवला होता, तेव्हा सुलेखा खिडकीबाहेर बघत होती. मी दोन नंबर दाबला. सीट हळूहळू सरकायला लागली. पुढे, आणखी पुढे, मग वर. पाठ ताठ झाली. माझे गुडघे स्टिअरिंगखाली अडकले, डोकं छताला लागलं, आणि दोन्ही बाजूंचे आरसे आपण होऊन खाली वळले. मी तसाच बसून राहिलो. नऊ वर्षं शेजारच्या सीटवर अंग चोरून बसणाऱ्या बाईचं खरं माप हे होतं. आरशात आता मला मागच्या भिंतीवरची सायकल दिसत होती, जी माझ्या बैठकीतून कधीच दिसत नाही. ती हे सगळं बघत होती. आणि उतरताना दरवेळी आठवणीने एक नंबर दाबत होती, रेडिओ बातम्यांवर आणत होती, म्हणजे मला कळू नये. किती मंगळवार? किती महिने? मला राग यायला हवा होता. त्याऐवजी, काय सांगू, लहानपणी पहिल्यांदा समुद्र बघताना झालं होतं तसं काहीतरी होत होतं.

रविवारी ती आंघोळीला गेल्यावर मी प्रीताला फोन लावला. इकडचं तिकडचं विचारलं. मग म्हणालो, "आई हल्ली बरी आहे ना?"

ती म्हणाली, "ओ माय गॉड. बाबा, यू नो."

"काय नो? मला काही माहीत नाही. तू सांग."

"शी मेड मी प्रॉमिस." आमच्या मुलीला मराठी समजतं, उत्तर ती इंग्रजीत देते, तेवढ्यापुरती मात्र ती मराठीत आली. "उन्हाळ्यात शिकवलं मी तिला. म्हणजे शिकवलं नाही, तिला येतंच होतं. मी फक्त बाजूला बसले. लायब्ररीच्या मागच्या पार्किंगमध्ये. तू ऑफिसला गेलास की."

"तू बाजूला बसलीस?"

"येस. का?"

जिचं हाड मोडलं होतं ती मुलगी त्या गाडीत तिच्या शेजारी बसली होती.

"फर्स्ट डे शी जस्ट क्राइड," प्रीता म्हणाली. "गाडी चालूच नाही केली. सेकंड डे आम्ही एक राउंड मारला. बाबा, प्लीज डोन्ट मेक इट वीअर्ड. डोन्ट, लाइक, हेल्प. तू मदत केलीस ना की ती सोडून देईल."

अठरा वर्षांच्या पोरीने मला हे सांगावं! मी 'बरं' म्हणालो आणि तिला भाजी खात जा म्हणून फोन ठेवला. मग बराच वेळ तिचं शेवटचं वाक्य माझ्या डोक्यातून जाईना. तू मदत केलीस की ती सोडून देईल.

नोटिशीला तीस दिवसांत उत्तर द्यायचं होतं. तिच्यात चौकोन होते. पहिला: चूक मान्य, दंड भरतो. दुसरा: चूक मान्य, पण परिस्थिती सांगायची आहे, सुनावणी हवी. तिसरा: चूक मान्य नाही. आणि एक वेगळं प्रतिज्ञापत्र: त्या वेळी गाडी मी चालवत नव्हतो. हे खरं होतं. खोटं मी कधी कुठल्या कागदावर लिहिलेलं नाही, व्हिसाच्या कागदांपासून ते शाळेच्या सहलीच्या संमतिपत्रापर्यंत. सरळ मार्ग असा की सही करायची, पाठवून द्यायचं, माझी बावीस वर्षं कोरी राहिली असती. पण खाली चालवणाऱ्याचं नाव लिहायला रेघ होती; ती कोरी सोडणं मला अर्धं खोटं वाटत होतं, आणि भरली की ते घरात बोलावं लागलं असतं. सुलेखाला कळलं असतं की मला कळलंय. आणि मला नेमकी भीती तीच होती. ती पहिल्याच दिवशी किल्ल्या आणून टेबलावर ठेवील, 'चुकलंच माझं' म्हणेल, आणि परत दाराशी पर्स घेऊन उभी राहील, दहा मिनिटं आधी. मी तिला ओळखतो. आणि दुसरी भीती, जी मी स्वतःपाशीसुद्धा दोन दिवस कबूल केली नाही, ती अशी की तसं झालं तर मला आतून थोडं बरं वाटेल.

मंगळवारी मी सात चाळीसची बस सोडली. कोपऱ्यावर उभा राहून ती जाऊ दिली आणि चालत शाळेपाशी गेलो. भुरभुर पाऊस होता. टोपी कपाळावर ओढून मी एका मेपलच्या खाली उभा राहिलो. पिवळे दिवे लुकलुकत होते, आया मुलांना दप्तरं चढवत होत्या, आणि फ्लोरोसंट जॅकेट घातलेली एक वयस्कर गोरी बाई हातात थांबण्याची पाटी घेऊन मुलांना रस्ता ओलांडून देत होती. तिने माझ्याकडे दोनदा पाहिलं. मूल नसलेला, लॅपटॉपची बॅग गळ्यात अडकवलेला पुरुष शाळेबाहेर झाडाला टेकून उभा. मीसुद्धा संशय घेतला असता. मी फोनमध्ये बघितल्यासारखं केलं. आठ छत्तीस. आठ सदतीस. ती आज येणारच नाही असं वाटलं, आणि त्या वाटण्याने मी इतका खचलो की माझं मलाच नवल वाटलं.

मग ती आली. आधी गाडी दिसली, वळणावरून, वीसच्या पुढे एक काटा नाही अशी. समोरून मी आमची गाडी कधी येताना पाहिलेली नव्हती. मी नेहमी आतच असतो. काचेवर वायपर फिरत होते, आणि त्यांच्या पलीकडे सुलेखा. चष्मा. केस घट्ट बांधलेले. पाठ सीटला टेकलेली नाही. दोन्ही हात स्टिअरिंगवर. चेहऱ्यावर जे होतं त्याला काय म्हणावं मला कळत नाही. आनंद म्हणावा तर ती हसत नव्हती, भीती म्हणावी तर डोळे स्थिर होते. आईच्या चेहऱ्यावर पूजेत अभिषेकाची धार धरताना असं काहीतरी दिसायचं. धार तुटू द्यायची नाही एवढंच. जॅकेटवाल्या बाईने पाटी उंचावली. गाडी थांबली. रेषेच्या आधी, एक हात सोडून. सहा-सात मुलं दप्तरं हलवत तिच्या समोरून गेली, एकाने छत्रीने बॉनेटवर टिचकी मारली, आणि सुलेखा थांबून होती. शेवटचं मूल पलीकडे पोचल्यावर त्या बाईने पाटी खाली केली आणि तिच्याकडे बघून मान हलवली. सुलेखाने स्टिअरिंगवरून दोन बोटं उचलली. फक्त दोन बोटं. इथे वर्षानुवर्षं चालवणारे लोक एकमेकांना करतात तसं. त्या दोघी एकमेकींना ओळखत होत्या! या गावात माझ्या बायकोची एक ओळख होती जी माझ्यामार्फत झालेली नव्हती. गाडी माझ्यासमोरून गेली, तिने बघितलं नाही, ती रस्ता बघत होती. देवळात गर्दीत अचानक मूर्ती समोर येते आणि हात जोडायचे राहून जातात, तसा मी बॅगेचा पट्टा धरून उभा राहिलो. डोळे भरून आले होते. पावसात ते बरं असतं.

त्या दिवशी मी काहीच काम केलं नाही. संध्याकाळपर्यंत माझं ठरलं होतं. दंड भरून टाकायचा, गुपचूप. मान्य असल्याचा चौकोन, माझं नाव, संपलं. असल्या कॅमेऱ्याच्या तिकिटाची नोंद लायसन्सवर होत नाही, पण माझ्या लेखी तर डाग लागलाच असता. तो मी तिच्यासाठी लावून घेणार होतो आणि जन्मात तिला सांगणार नव्हतो. गणपतीत यापुढे मी घोळक्यात उभा राहून हसणार नव्हतो. आपल्या या मोठेपणाने मला बसमध्येच भरून आलं. घरी येऊन कोर्टाची साइट उघडली, नोटिशीचा क्रमांक टाकला, आणि तेवढ्यात सुलेखाने चहा आणून ठेवला. ती गेली नाही. समोर बसली.

"ते पत्र दे," ती म्हणाली.

"कुठलं?"

"इन्शुरन्सवाल्यांचं."

मी तिच्याकडे बघितलं. तिचा चेहरा सकाळसारखाच होता.

"अरे, फ्लॅश पडलेला कळला मला. पंधरा दिवस रोज दुपारी टपालपेटी उघडून बघत होते. शनिवारी नेमका तू आधी गेलास." तिने हात पुढे केला. "दे."

मी बॅगेतून पाकीट काढून दिलं. तिने चष्मा पुसला आणि वाचायला घेतलं, पहिल्या ओळीपासून, लग्नपत्रिका वाचतात तसं, वरच्या कोपऱ्यातल्या पत्त्यापासून खालच्या बारीक अक्षरांपर्यंत. फोटोपाशी ती थांबली. स्वतःला पाठमोरं पाहायला कुणाला मिळतं?

"एकतीस," ती म्हणाली. "मला वाटलं पंचवीस असेल."

"कुठे जातेस?" मी विचारलं. विचारायचं नाही असं ठरवलेलं होतं.

"कुठेच नाही. तळ्यापर्यंत जाते, गाडी लावते, थर्मासमधला चहा पिते, परत येते." मग ती हसली, लाजल्यासारखी. "त्या दिवशी काय झालं सांगू? मी वीसवरच होते, शपथ. मागून हॉर्न वाजला. कुणीतरी मोठी गाडी, अगदी मागे. इथे कोण हॉर्न वाजवतं सांग! आणि आपल्याला सवय काय, हॉर्न वाजला म्हणजे चल पुढे. मी दाबला ना पाय. नागपूरसारखा. मग पट्टे दिसले, मग ब्रेक मारला." तिने फोटो पुन्हा पाहिला. "खरं सांगू? मला इतकं बरं वाटलं रे. नऊ वर्षांत माझ्यावर कुणी हॉर्न वाजवला नव्हता."

मला हसू आलं. मी म्हणालो, "हे बघ, मी भरतोय. आत्ता, दोन मिनिटांत. रेकॉर्डवर काही येत नाही. विषय संपला. आणि तू जात जा, माझं काही म्हणणं नाही, मी कुणाला सांगणार नाही, मी तर—"

"सुमंत."

तिने लॅपटॉप माझ्यापुढून सरकवला.

"तू भरलंस तर तुझ्या नावावर जाईल."

"जाऊ दे ना."

"का जाऊ दे? चालवत कोण होतं?" तिने ते वेगळं प्रतिज्ञापत्र काढून माझ्यासमोर ठेवलं. "इथे लिही. गाडी दुसऱ्या माणसाकडे होती. आणि खाली जागा आहे त्याचं नाव लिहायला."

"नाव द्यायची सक्ती नाहीये पण. मी वाचलंय ते. नुसतं 'मी नव्हतो' म्हटलं तरी पुरतं. कुणालाच तिकीट नाही, तुलाही नाही."

"सक्ती नाहीये, म्हणूनच लिही. मग माझ्या नावाने येऊ दे नोटीस. मग मी तो मधला चौकोन भरणार." तिने बोट ठेवलं. चूक मान्य, पण परिस्थिती सांगायची आहे. "हे मी आत्ता वाचलं आणि मला खरंच वाटेना. ते लोक विचारतात रे. आपण जायचं, आणि ते ऐकून घेतात."

"जज्जला तू हॉर्नचं सांगणार?"

"हॉर्नचं सांगणार. नेपरव्हिलचंही सांगणार. ऐकून घेतील तेवढं सांगणार."

"इंग्रजीत अडखळशील." हे माझ्या तोंडून निघून गेलं, आणि त्याबरोबर मला इतकी लाज वाटली की मी चहाच्या कपात बघायला लागलो. ती मात्र चिडली नाही.

"अडखळेन," ती म्हणाली. "मग थांबेन, आणि परत बोलेन."

मी पेन घेतलं. माझ्या मोठेपणाचं काय झालं ते तेव्हा आठवलंही नाही. ती इतक्या सहज माझ्यापुढे बसली होती, हाताची घडी घालून, आणि मी तिच्याकडे बघत होतो ते दुसऱ्या कुणाच्या बायकोकडे पहिल्यांदा बघावं तसं, थोडं चोरून. प्रतिज्ञापत्रात लिहिलं होतं की सदर वेळी हे वाहन माझ्या नव्हे तर दुसऱ्या व्यक्तीच्या ताब्यात होतं, आणि हे खोटं असल्यास होणाऱ्या शिक्षेची मला कल्पना आहे. मी ते दोनदा वाचलं. सवयीने एखादी चूक शोधली, सापडली नाही. सही केली. खालच्या रेघेवर तिचं पूर्ण नाव लिहिलं, आणि लिहिताना माझा हात जड नव्हता. उलट, पत्रिकेवर पहिल्यांदा तिचं नाव माझ्या नावाशेजारी छापून आलं होतं तेव्हा जसा मी ते वाचत राहिलो होतो, तसा मी आताही वाचत राहिलो. या वेळी तिथे माझं नाव शेजारी नव्हतं.

तिने कागद उचलला, शाई वाळलीय का ते बोटाने बघितलं, घडी घातली.

"तारीख बहुतेक कामाच्याच दिवशी येईल," मी म्हणालो. "मी रजा टाकतो. सोडतो तुला."

"नको. मी जाईन."

"एकटी?"

"हो. कोर्टाला पार्किंग मोठं आहे, मी बघून आलेय." आणि मग, माझा चेहरा बघून असेल, ती जरा मऊ आवाजात म्हणाली, "तू ऑफिसला जा. बसने."

माझ्या मनात एक वाक्य आलं, जे मी सव्वीस वर्षांत तिला कधी म्हटलेलं नव्हतं. म्हणावं की नाही असा मी बराच वेळ घोळ घातला, कप गोल फिरवला, आणि शेवटी म्हटलं, नवख्या माणसाने ओळख काढावी तसं.

"मग येताना मला ऑफिसातून घेशील?"

सुलेखाने विचार केला. खरोखरच केला, रस्ते, वेळ, वळणं तिच्या डोळ्यांत येऊन गेलेली मला दिसली.

"बघते," ती म्हणाली. "ट्रॅफिक किती लागतो त्यावर आहे. पण खाली येऊन उभा राहा. मला थांबायला आवडत नाही."